सरकारी लीजचा प्लॉट परत करताय? रिफंडचं भांडण सरेंडरच्या अर्जातच ठरतं, म्हणून आधी हे वाचा

साकीनाक्याला आमचं पॉवर प्रेसचं छोटं वर्कशॉप आहे, भाड्याच्या गाळ्यात. माझे मोठे दीर, त्यांना आम्ही भाऊजी म्हणतो, त्यांनी बऱ्याच वर्षांपूर्वी खाडीपलीकडे एका सरकारी प्राधिकरणाकडून लीजवर प्लॉट घेतला होता, स्वतःची शेड बांधायची म्हणून. प्लॉटपर्यंत रस्ताच नव्हता, पाण्याची लाईन "पुढच्या टप्प्यात" होती, आणि चार-पाच वर्षं फेऱ्या मारून कंटाळल्यावर त्यांनी प्लॉट परत करायचं ठरवलं. तिथल्या टेबलावरच्या माणसाने सांगितलं की कारण साधं लिहा, फाईल लवकर सरकते, आणि भाऊजींनी तिथल्या तिथे उभं राहून लिहून दिलं की आर्थिक अडचणीमुळे मी हा भूखंड स्वखुशीने परत करत आहे, माझी कोणतीही तक्रार नाही. त्या एका वाक्याने आमची पुढची तीन वर्षं खाल्ली. प्रीमियम, म्हणजे लीज घेताना भरायची एकरकमी रक्कम, भरला होता ४० लाख. हिशोब आला २९ लाख ५० हजाराचा. ४ लाख इसारा रक्कम जप्त, ५ लाख ६० हजार बांधकाम वेळेत केलं नाही म्हणून मुदतवाढ शुल्क, ९० हजार सेवा शुल्काची थकबाकी. रस्ता नव्हता हो, असं म्हणायला गेलो तर समोरून भाऊजींचंच पत्र दाखवलं, तुमचीच सही आहे ना.

ऑफिसचं नाव मुद्दाम लिहीत नाहीये. वर्कशॉपचे हिशोब आणि कागद मीच बघते, त्यामुळे ती फाईल शेवटपर्यंत मी लढवली आणि त्यानंतर ओळखीतल्या सात-आठ जणांचे असेच अर्ज लिहून दिले. त्यातून जे शिकले ते इथे क्रमाने लिहितेय. मी वकील नाही, पण वकिलाकडे जाण्याआधी काय तयार ठेवायचं आणि कुठली चूक करायची नाही एवढं नक्की सांगू शकते.

पायरी १ : प्लॉट कोणाचा आणि कुठल्या नियमाने दिलेला, ते नीट बघा

आपण सगळ्याला मिळून "सरकारी प्लॉट" म्हणतो पण प्रत्येकाचा कायदा वेगळा आहे. एमआयडीसी चालते १९६१ च्या महाराष्ट्र औद्योगिक विकास अधिनियमावर, तिथे लीज साधारण ९५ वर्षांचं. सिडको ही १९७० साली स्थापन झालेली कंपनी, नवी मुंबईसाठी १९६६ च्या एमआरटीपी (प्रादेशिक नियोजन व नगररचना) कायद्याखाली नवनगर विकास प्राधिकरण म्हणून काम करते, तिथे बहुतेक लीज ६० वर्षांची आणि वाटप १९७५ च्या जमीन विनियोग नियमावलीने. बीकेसीतले एमएमआरडीएचे प्लॉट ८० वर्षांच्या लीजवर. कलेक्टरने दिलेली शासकीय जमीन असेल तर ते प्रकरण अजूनच वेगळं, १९७१ चे नियम लागतात. शेजाऱ्याला अमुक इतके परत मिळाले म्हणून मलाही तेवढेच मिळणार हे गणित म्हणूनच चालत नाही, त्याचा प्लॉट सिडकोचा आणि तुमचा एमआयडीसीचा असेल तर तुलना करूच नका.

मग कागद काढा. अलॉटमेंट लेटर, पैसे भरल्याच्या सगळ्या पावत्या, अग्रीमेंट टू लीज, ताबा पावती आणि मोजणीचा नकाशा, लीज डीड झालं असेल तर ते, आणि वाटपाच्या वेळची जाहिरात किंवा टेंडर बुकलेट. हे बुकलेट लोक रद्दीत घालतात, पण रस्ता, पाणी, वीज कधी मिळेल असं त्यात लिहिलेलं असतं किंवा "जसा आहे तसा" या तत्त्वावर प्लॉट दिलाय असं लिहिलेलं असतं, आणि या दोन ओळींमध्ये अख्खी केस असते. जसा आहे तसा लिहिलेलं असेल तर सावध. चंडीगढच्या लिलावाच्या प्रकरणात २००९ साली आणि पंजाबच्या विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात २०१२ साली सुप्रीम कोर्टाने लिलावात बघून घेतलेल्या प्लॉटवर नंतर सुविधा नाहीत म्हणून हप्ते अडवता येत नाहीत असंच सांगितलंय.

अग्रीमेंट टू लीज आणि लीज डीड यातला फरकही समजून घ्या. आपल्याकडे बहुतेक ठिकाणी आधी अग्रीमेंट टू लीज होतं, त्यावर बांधकामाची परवानगी मिळते, बांधकाम पूर्ण झाल्याचा दाखला आला की मग पक्कं लीज डीड. पहिल्या टप्प्यावर परत करताय तर गोष्ट तुलनेने सोपी. लीज डीड रजिस्टर झालं असेल तर सरेंडरचं डीडसुद्धा रजिस्टर करावं लागतं, नुसत्या अर्जावर भागत नाही.

पायरी २ : खरंच सरेंडरच करायचंय का

हा प्रश्न मी प्रत्येकाला विचारते आणि निम्मे लोक इथेच थांबतात. रिफंड मिळतो तो तुम्ही भरलेल्या प्रीमियमवर, आजच्या बाजारभावावर नाही. भाव पाचपट झाला असला तरी वाढलेला भाग प्राधिकरणाचाच. त्यामुळे नियमात ट्रान्सफर बसत असेल, म्हणजे डिफरन्शियल प्रीमियम किंवा ट्रान्सफर चार्जेस भरून दुसऱ्याच्या नावावर करता येत असेल, तर आधी त्याचा हिशोब मांडा. मुदत संपत आली असेल तर मुदतवाढ मागणं हाही मार्ग आहे.

उलट बाजूने एक गोष्ट. मुदत उलटून प्राधिकरणाने नोटीस काढली आणि प्लॉट स्वतःहून रद्द केला तर त्याला सरेंडर म्हणत नाहीत, आणि तिथे कपात जवळजवळ नेहमीच जास्त असते. शो कॉज नोटीस आली असेल तर उत्तर न देता सरेंडरचा अर्ज टाकू नका, दोन्ही कागद एकत्र द्या. नाहीतर फाईलवर "खुलासा प्राप्त नाही" अशी टिप्पणी पडते आणि ती पुसली जात नाही.

पायरी ३ : अर्जाच्या आधीचे तीन महिने

या काळात जे कराल त्यावर पैसे मिळतात, म्हणून इथे जरा वेळ घेते.

प्लॉटवर अडचण असेल, रस्ता नाही, नाला वाहतो, वरून हायटेन्शन लाईन जाते, कोणाचं अतिक्रमण आहे, मोजणीत क्षेत्र कमी भरतंय, तर त्याचे लेखी पुरावे आत्ता तयार करा. तारीख दिसेल असे फोटो काढा. इस्टेट विभागाला आणि साईट इंजिनिअरला पत्र द्या आणि आपल्या प्रतीवर इनवर्डचा शिक्का, नंबर, तारीख घ्या. ईमेलही करा. टपाल विभागात शिक्का द्यायला कुरकुर केली तर सरळ पोस्टात जाऊन स्पीड पोस्टाने पोहोच पावतीसह पाठवा. शक्य असेल तर साईट इंजिनिअरकडून संयुक्त पाहणी मागा, त्याच्या एका ओळीच्या अहवालाला तुमच्या दहा पत्रांपेक्षा जास्त वजन असतं. आम्हाला शेवटी तारलं ते भाऊजींच्या कपाटात सापडलेल्या तीन जुन्या पत्रांनी, ज्यांच्यावर इनवर्डचे गोल शिक्के होते. सरेंडरच्या अर्जात तक्रार नाही लिहिलं असलं तरी आधी तक्रार होती हे त्या शिक्क्यांनी दाखवलं.

दुसरं काम माहिती अधिकाराचं. महाराष्ट्रात अर्ज १५० शब्दांत आणि एकाच विषयावर लागतो, फी १० रुपये, ३० दिवसांत उत्तर, नाही आलं तर ३० दिवसांत पहिलं अपील. ऑनलाइनही होतो. एकाच अर्जात सगळं कोंबू नका, वेगवेगळे टाका. एकात मागा, सरेंडरवर किती टक्के कपात करायची याचा ठराव, परिपत्रक, त्याची तारीख. दुसऱ्यात तुमच्या प्लॉटच्या फाईलवरच्या टिप्पण्या. तिसऱ्यात रस्ता आणि पाण्याच्या कामाची वर्क ऑर्डर आणि काम पूर्ण झाल्याची तारीख. परिपत्रकाची तारीख फार महत्त्वाची, कारण होतं काय की तुमचं वाटप झालेलं असतं जुन्या अटींवर आणि कपात लावतात कालपरवाच्या परिपत्रकाने. तो मुद्दा कोर्टात मांडता येतो, पण दोन्ही कागद हातात असतील तरच.

तिसरं, थकबाकी. सेवा शुल्क, पाणी, ड्रेनेज, फायर सेस, प्रॉपर्टी टॅक्स, वीज. चूक वाटते ती रक्कम सोडून बाकीची भरून टाका आणि वादाची रक्कम पत्रात वेगळी दाखवा. थकबाकी लटकत राहिली की त्यावर विलंब शुल्क चढतं आणि शेवटी ते रिफंडमधूनच कापतात.

बँकेचं कर्ज असेल तर बँकेला अंधारात ठेवू नका. प्लॉट गहाण ठेवताना प्राधिकरणाची एनओसी घेतलेली असते म्हणजे त्यांच्या रेकॉर्डवर बँक आहेच, रिफंडवर पहिला हात बँकेचा. बँकेकडून लेखी घ्या की इतकी रक्कम मिळाल्यावर बोजा उतरवू. प्रायव्हेट लिमिटेड कंपनी असेल तर रजिस्ट्रार ऑफ कंपनीजकडचा चार्जही, म्हणजे कर्जाच्या बोजाची नोंद, काढावा लागतो. आणि प्लॉट ज्यांच्या नावावर आहे ते वारले असतील, भागीदारी फुटली असेल, तर आधी नावं लावून घ्या, कारण चेक कोणाच्या नावाने काढायचा या एका प्रश्नावर फाईल वर्ष-वर्ष पडून राहते.

पायरी ४ : अर्ज कसा लिहायचा

"परत करत आहे" असं लिहू नका, "परत करण्याचा प्रस्ताव आहे" असं लिहा. कंत्राट कायद्याप्रमाणे प्रस्ताव समोरच्याने स्वीकारून कळवेपर्यंत मागे घेता येतो, त्यामुळे हिशोब बघून नको वाटलं तर परतीचा दरवाजा उघडा राहतो. कारण खरं लिहा. पैशांचीच अडचण असेल तर तेच लिहा, खोटं लिहून उपयोग नाही, पाहणीत उघडं पडतं. पण कारण त्यांच्या बाजूचं असेल तर ते तारीख-नंबरासकट आलंच पाहिजे. मी साधारण असा मजकूर देते:

"विषयांकित भूखंडापर्यंतचा रस्ता व पाण्याची जोडणी आमच्या दिनांक अमुक, आवक क्रमांक तमुक या पत्रांनंतरही आजपर्यंत उपलब्ध झालेली नाही. या कारणास्तव भूखंड परत करण्याचा आमचा प्रस्ताव आहे. परताव्याचा सविस्तर हिशोब, प्रत्येक कपातीखाली लागू केलेल्या नियमासह, लेखी कळवावा. हिशोब लेखी मान्य केल्यानंतरच ताबा व मूळ कागदपत्रे सुपूर्द केली जातील. परतावा विलंबाने दिल्यास या पत्राच्या तारखेपासून व्याजाची मागणी राहील. हा प्रस्ताव आमचे सर्व कायदेशीर हक्क राखून करत आहोत."

व्याजाची ओळ शोभेसाठी नाही. १९७८ च्या व्याज कायद्यात, करारात व्याजाची तारीख ठरलेली नसेल तर लेखी नोटीस देऊन व्याज मागितल्यापासूनचं व्याज कोर्ट देऊ शकतं. म्हणजे आज ती ओळ लिहिली नाही आणि दोन वर्षांनी वकिलाच्या नोटिशीत लिहिली तर मधली दोन वर्षं जायची भीती. ४० लाखावर दोन वर्षांचं ६ टक्क्याने व्याज ४ लाख ८० हजार होतं.

ऑनलाइन पोर्टलवर अर्ज असेल तर कारणाच्या कप्प्यात दोन-तीन ठरलेले पर्याय असतात, त्यात तुमचं कारण नसेल तर "इतर" निवडून वरचं पत्र पीडीएफ करून जोडा आणि तेच पत्र हाताने इनवर्डलाही द्या. छापील अंडरटेकिंग देतात, त्यात "कोणताही दावा करणार नाही" अशी ओळ असते. ती न वाचता सही करू नका. ओळ खोडून सही करा, खोडू देत नसतील तर सहीखाली हाताने "हक्क राखून" लिहा आणि त्याच दिवशी ईमेल टाका की ही सही आम्ही नाइलाजाने केली.

पायरी ५ : ताबा शेवटी

लोक म्हणतात ताबा देऊन मोकळे होऊ, सेवा शुल्क तरी थांबेल. कळतंय, पण १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यात, कलम १११ मध्ये, सरेंडर दोन तऱ्हेने होतं, एक स्पष्ट लिहून आणि दुसरं वागण्यातून. चावी दिली, त्यांनी घेतली, की तुमचं सरेंडर झालं असं म्हणता येतं, मग हिशोबावर तुमच्या हातात काही उरत नाही.

प्लॉटवर शेड, कंपाउंड, मशीनचं फाउंडेशन असेल तर ते ताबा देण्याआधी काढा. त्याच कायद्याच्या कलम १०८ मध्ये भाडेपट्टेदाराला जमिनीवर लावलेल्या वस्तू काढून न्यायचा हक्क आहे पण ताबा असेपर्यंतच, नंतर नाही, आणि करारात उलट अट असेल तर ती अट चालते. भांडुपच्या एका ओळखीच्यांची पूर्ण लोखंडी शेड अशीच गेली, स्क्रॅपच्या भावानेसुद्धा त्यांना दोन-अडीच लाख आले असते.

ताबा देताना पंचनामा करून घ्या, चारही कोपऱ्यांचे फोटो, मीटरचं रीडिंग, अतिक्रमण नाही असा उल्लेख, आणि ताबा घेणाऱ्याची सही, हुद्दा, शिक्का. मूळ कागद देण्याआधी प्रत्येक पानाचा स्कॅन ठेवा.

पायरी ६ : हिशोब आला की त्याची चिरफाड

इसारा रक्कम जप्त. खरी कायद्याची लढाई इथे आहे. कंत्राट कायद्याचं कलम ७४ सांगतं की करार मोडल्यावर ठरवलेली रक्कम ही वरची मर्यादा, त्या मर्यादेत जे वाजवी आहे तेवढंच मिळतं. दिल्लीचं कैलाशनाथ असोसिएट्स विरुद्ध डीडीए (दिल्ली विकास प्राधिकरण) हे प्रकरण प्रत्येकाने वकिलाला दाखवावं. १९८२ च्या लिलावात भिकाजी कामा प्लेसचा प्लॉट ३ कोटी १२ लाखांना गेला, चौथा हिस्सा म्हणजे ७८ लाख भरले, पुढे मुदतवाढीचा घोळ झाला आणि डीडीएने प्लॉट रद्द करून ७८ लाख जप्त केले. मग १९९४ मध्ये तोच प्लॉट ११ कोटी ७८ लाखांना विकला. सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०१५ मध्ये विचारलं की नुकसान कुठे झालं, आणि ७८ लाख ९ टक्के व्याजासह परत करायला लावले. म्हणून माहिती अधिकारात अजून एक अर्ज टाका: माझा प्लॉट नंतर कोणाला, किती तारखेला, काय दराने दिला. जास्त दराने गेला असेल तर जप्तीविरुद्धचा तुमचा सगळ्यात मजबूत कागद तो. पण चूक पूर्ण तुमची असेल आणि अटीत वाजवी इसारा जप्तीची स्पष्ट तरतूद असेल तर इसाऱ्यासाठी फार ताणू नका, आमचेही ते ४ लाख परत आले नाहीत.

मुदतवाढ शुल्क किंवा अतिरिक्त लीज प्रीमियम. इथे तारखा मोजा. बांधकामाची मुदत कधीपासून धरली, अग्रीमेंटपासून की प्रत्यक्ष ताब्यापासून? रस्ता-पाणी नसताना बांधकाम कसं होणार होतं? आम्हाला माहिती अधिकारात साईट इंजिनिअरचीच टिप्पणी मिळाली की रस्त्याचं काम अमुक वर्षापर्यंत झालेलं नव्हतं. ती जोडून नोटीस दिल्यावर त्या वर्षांचं शुल्क, ३ लाख ८५ हजार, परत मिळालं. जोर लावायचा तर इथे लावा, कागदावर सिद्ध होतं.

जीएसटी. औद्योगिक महामंडळाने ३० वर्षं किंवा जास्त मुदतीच्या लीजवर दिलेल्या औद्योगिक प्लॉटच्या एकरकमी प्रीमियमला सूट आहे, पण रहिवासी-व्यापारी प्लॉटच्या प्रीमियमवर १८ टक्के लागतो, सिडकोच्या बाबतीत तो मुंबई हायकोर्टाने २०१८ मध्ये वैध ठरवलाय. परत करताना प्राधिकरण क्रेडिट नोट काढून तो कर कमी करू शकतं, पण त्याला मुदत आहे, ज्या आर्थिक वर्षातला व्यवहार त्याच्या पुढच्या ३० नोव्हेंबरपर्यंत. ती उलटली की "जीएसटी सरकारजमा झाला, आमच्याकडे नाही" हे उत्तर ठरलेलं. प्लॉट घेऊन वर्षभरात मन बदललं असेल तर ही तारीख कॅलेंडरवर आधी लिहा आणि सीएला लगेच भेटा.

स्टॅम्प ड्युटी प्राधिकरण देत नाही, ती मुद्रांक जिल्हाधिकाऱ्यांकडे, प्लॉट ज्या जिल्ह्यात तिथल्या. सर्वसाधारण मुदत ६ महिन्यांची आणि ती कडक पाळतात, शिवाय लीज रजिस्टर होऊन वापरात आलेलं असेल तर मिळणं अवघडच. तरी अर्ज करायचा सोडू नका. मुंबईतल्याच एका बाईंना मुदतीच्या तांत्रिक कारणावर नाकारलेले २७ लाख ३४ हजार ५०० रुपये सुप्रीम कोर्टाने २०२४ मध्ये परत करायला लावलेत, त्यांची फसवणूक झाली होती आणि त्यांनी हयगय केली नव्हती हे बघून.

कमी रकमेचा चेक आला तर घेऊ नका असं मी म्हणणार नाही, पैसा घ्या, घराला लागतो. पण "पूर्ण व अंतिम" पावतीवर सही करू नका. कंत्राट कायद्याच्या कलम ६३ प्रमाणे कमी रक्कम पूर्ण समाधानाने स्वीकारली असं ठरलं की विषय संपतो. पावतीवर "निषेध नोंदवून, उर्वरित रकमेचा हक्क राखून" लिहा. एनईएफटीने आपोआप जमा झालं तर त्याच आठवड्यात तसं पत्र द्या.

पायरी ७ : नाहीच ऐकलं तर कुठे जायचं

आधी घड्याळ बघा. पैसे वसुलीच्या दाव्याला साधारण ३ वर्षं, ग्राहक आयोगात २ वर्षं. विनंतीपत्रं पाठवत राहिल्याने मुदत वाढत नाही, इथे खूप लोक फसतात, साहेब बदलतात आणि प्रत्येक नवा साहेब "बघतो" म्हणतो. मुदत नव्याने सुरू होते ती मुदतीच्या आत त्यांनी तुमचे पैसे देणं लागतो असं सहीनिशी लेखी कबूल केलं तर. म्हणून त्यांच्याकडून "आपला परतावा मंजुरीसाठी सादर केला आहे" अशा अर्थाचं एक सहीचं पत्र मिळवा आणि जपून ठेवा.

ग्राहक आयोग घरासाठीच्या, वाटपाने मिळालेल्या प्लॉटला चांगला. लखनौच्या प्राधिकरणाच्या केसमध्ये १९९३ सालीच सुप्रीम कोर्टाने विकास प्राधिकरणं ग्राहक कायद्याखाली येतात असं सांगितलंय. भरलेली रक्कम ५० लाखांपर्यंत असेल तर जिल्हा आयोग, २ कोटींपर्यंत राज्य आयोग. पण लिलावातला प्लॉट किंवा निव्वळ धंद्यासाठीचा असेल तर तुम्ही ग्राहकच नाही असा आक्षेप येणार, आणि त्यावरच दोन वर्षं जातील. स्वतःच्या पोटापाण्यासाठी, स्वयंरोजगारासाठी घेतला असेल तर ती सूट कायद्यात आहे, तसं अर्जात ठळक लिहा. व्याज सरसकट १८ टक्के मिळत नाही, गाझियाबादच्या केसमध्ये २००४ ला सांगितलंय की प्रत्येक प्रकरणाच्या हकिगतीवर ठरेल. म्हणून घरभाडं, बँकेचं व्याज, जे खरं नुकसान झालं त्याचे कागद लावा.

हायकोर्टात रिट, म्हणजे सरकारी संस्थेविरुद्धची थेट याचिका. समोर सरकारी संस्था असेल आणि कागदांवर वाद नसेल, म्हणजे त्यांचंच परिपत्रक सांगतं इतके द्या आणि ते देत नाहीत, तर राज्यघटनेच्या कलम २२६ खाली फोर्टला जाता येतं. करार आहे म्हणून रिट चालतच नाही असं नाही, सुप्रीम कोर्टाच्या डिसेंबर २००३ च्या एबीएल इंटरनॅशनल निकालात हे स्पष्ट झालंय. तेलंगणाच्या औद्योगिक महामंडळाने युनिटेक कंपनीला दिलेल्या जमिनीची मालकीच वादात निघाली, तेव्हा २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टाने रिटमधूनच १६५ कोटी व्याजासह परत करायला लावले. पण रस्ता होता की नव्हता असा तथ्यांचा वाद असेल तर हायकोर्ट बहुधा दिवाणी कोर्टात जा म्हणेल, म्हणूनच वर साईट इंजिनिअरच्या कागदाबद्दल इतकं लिहिलं.

दिवाणी दाव्याआधी करारात लवादाचं कलम आहे का ते बघा. तसंच प्राधिकरणाच्या मूळ कायद्यात दाव्याआधी नोटिशीची अट आहे का हे वकिलाला आवर्जून विचारा. प्रकरण व्यापारी वादात मोडत असेल तर २०१५ च्या कमर्शियल कोर्ट कायद्याच्या कलम १२ए प्रमाणे आधी मध्यस्थी करावीच लागते, तातडीचा मनाई हुकूम मागायचा नसेल तर. मात्र अंबालाल साराभाई प्रकरणात २०१९ ला कोर्टाने म्हटलंय की जागा प्रत्यक्ष धंद्यासाठी वापरात असली पाहिजे, पुढे वापरणार होतो हे पुरत नाही. तेव्हा रिकामा पडलेला प्लॉट कदाचित साध्या दिवाणी दाव्यात जाईल. हे वकिलाने पहिल्याच दिवशी ठरवायला हवं, चुकीच्या कोर्टात गेलं की फक्त तारखा मिळतात.

खर्चाचं सरळ सांगते. वाद लाख-दीड लाखाचा असेल तर माहिती अधिकार, सविस्तर नोटीस आणि वरिष्ठांना भेटून सुनावणी मागणं इथपर्यंतच जा. आमचं काम कोर्टाच्या पायरीआधीच झालं, नोटीस आणि दोन सुनावण्यांमध्ये, आणि जे मिळालं ते त्या तीन शिक्क्यांच्या पत्रांमुळे आणि एका टिप्पणीमुळे.

पैसे आल्यावर

व्याज दिलं असेल तर त्यावर टीडीएस कापलेला असतो, २६एएसमध्ये, म्हणजे इन्कम टॅक्सच्या पोर्टलवरच्या टीडीएसच्या विवरणात, तपासा, मूळ प्रीमियमच्या परताव्यावर चुकून कापला असेल तर लगेच पत्र द्या. बँकेचा बोजा उतरल्याचा दाखला घ्या. आणि प्राधिकरणाकडून एक शेवटचं पत्र मागून घ्या ज्यात भूखंड क्रमांक, ताबा घेतल्याची तारीख आणि त्या तारखेनंतर तुमच्यावर कुठलंही शुल्क नाही असं लिहिलेलं असेल. त्याची एक प्रत महानगरपालिकेच्या मालमत्ता कर विभागाला, एक पाणी विभागाला, एक वीज कंपनीला इनवर्ड करून द्या. भाऊजींच्या नावाने सरेंडरनंतर दीड वर्षाने पाण्याचं बिल आलं होतं, ते पत्र दाखवलं आणि त्याच दिवशी रद्द झालं.